शब्दाचं गाव

जमील सर नव्या शब्दाला आधी त्याचं गाव विचारत, अर्थ नंतर. अमरावतीच्या आमच्या कॉलेजात ते इंग्रजी शिकवायचे आणि मी मराठी. स्टाफरूममध्ये आमच्या खुर्च्या शेजारी-शेजारी होत्या. त्यामुळे माझी इच्छा असो वा नसो, जगातल्या बऱ्याच इंग्रजी शब्दांची मूळ गावं मला ऐकावी लागली. कुठला शब्द रोमहून निघाला, फ्रान्समध्ये कोणाकडे राहिला, वाटेत त्याची चाल कशी बिघडली, हे सगळं ते अशा आवाजात सांगत, की जणू त्यांच्या मोहल्ल्यातल्याच कोणा पोराने घर सोडलं आहे. मी पेपर तपासत असले तरी त्यांना फरक पडत नसे.

"मॅडम, सोयरिक कराच्या आंधी आपन काय पाह्यतो?" ते विचारत. "पोराची नोकरी मांगून. आंधी गाव इचारतो. मूळचे कुठले, तिथून कुठी गेले, काहून गेले. शब्दाचं बी तसंच राह्यते. गाव मालूम नाई त्या शब्दाले घरात घेऊ नाई."

माणसांनाही ते हेच विचारायचे. पुण्याहून बदलून आलेल्या एका प्राध्यापिकेला त्यांनी पहिल्याच दिवशी दारात गाठून "तुमी मूळच्या कुठल्या?" असं विचारलं. ती बिचारी दोन दिवस फुरंगटून बसली. तिला वाटलं, हे जात काढून राहिले. मी तिला समजावलं, की अगं, ते नव्या खडूच्या डब्यावरचंसुद्धा गाव वाचतात.

स्वतः सर अंजनगाव सुर्जीचे. त्यांचे अब्बा बैलबाजारात चामड्याचं सामान विकत: जनावरांच्या गळ्यातले पट्टे, घुंगरांच्या माळा आणि नाडे. नाडा म्हणजे औताची दांडी आणि बैलांच्या मानेवरचं जू यांना एकत्र बांधणारा जाड पट्टा. सरांचं लहानपण चामडं भिजवण्यात आणि टोचा मारण्यात गेलं. त्यांच्या उजव्या अंगठ्यावर टोच्याची खूण होती, तिच्यावर ते खडू टेकवून धरत. घरात उर्दू, बाजारात वऱ्हाडी, शाळेत मराठी आणि पुढे ही इंग्रजी. चारही भाषांत ते सारख्याच आपुलकीने भांडत. उंच, थोडे वाकलेले, पांढऱ्या शर्टाच्या खिशाला शाईचा डाग. चहा बशीत ओतून, फुंकर मारत, डोळे मिटून पीत.

एका पावसाळ्यात ते वर्गातून जवळजवळ पळतच स्टाफरूममध्ये आले. हातातली वही टेबलावर आपटली आणि म्हणाले, "मॅडम, सापडला! अब्बाचा शब्द सापडला!"

तो शब्द म्हणजे 'इन्कोएट'. मी आयुष्यात ऐकला नव्हता आणि आमच्या पोरांच्या तर तो सात पिढ्यांत कोणी ऐकला नसणार. एखादी गोष्ट नुकतीच सुरू झाली आहे, पण अजून तिला आकार आलेला नाही, ती पुरती उमटलेली नाही, अशा गोष्टीचं हे विशेषण. मनात येऊन ओठांवर न आलेला विचार, नुसताच पाया खणलेलं घर, असलं सगळं. पण सरांना आनंद झाला होता तो अर्थाचा नव्हता. त्या शब्दाचं मूळ लॅटिनमध्ये होतं, आणि लॅटिनमध्ये 'कोहुम' म्हणजे नाडा. आमचा बैलबाजारातला नाडा! औत जुवाला बांधलं, बैल उभे आहेत, पण पाऊल टाकलेलं नाही. त्या एका क्षणावरून रोमच्या लोकांनी 'सुरू करणं' यासाठी शब्द केला आणि तो फिरत फिरत इंग्रजीत आला.

"दोन हजार वर्साआंधी कोन्या रोमन शेतकऱ्यानं नाडा बांधला, मॅडम, अन् तो नाडा माह्या अब्बाच्या दुकानात लटकून होता," ते म्हणाले. त्यांचे डोळे भरून आले होते. इंग्रजी विशेषणासाठी रडणारा माणूस मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला, आणि खोटं कशाला बोलू, मला हसूही आलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी वर्गात दोन धिप्पाड पोरांना शेजारी-शेजारी उभं केलं. त्यांच्या खांद्यावर खिडकी उघडायची काठी आडवी ठेवली, मागे बाक लावला आणि स्वतःच्या खांद्यावरच्या दुपट्ट्याने काठी नि बाक बांधून टाकले. मी व्हरांड्यातून बघत होते. "नांगरून झालं का?" सर ओरडले. "नाई सर!" "मंग काईच नाई झालं का?" "झालं सर, जुंपलं!" "बस्स! हेच ते इन्कोएट!" पोरांनी बैलासारखी मान हलवून बाक ओढायला सुरुवात केली आणि प्राचार्य धावत आले. त्या वर्गातल्या कोणाला पुढे इंग्रजीतलं काही आठवत असेल-नसेल, तो शब्द मात्र एकही जण विसरला नसणार.

मग ती वर्षं आली. आमच्या भागात त्या वर्षांना वेगळं नाव लागत नाही. नुसतं 'त्या वर्षांत' म्हटलं तरी माणसं गप्प होतात. वर्गातली खेड्यावरची पोरं पोरी दिवाळीनंतर दिसेनाशी व्हायची. स्टाफरूममध्ये सकाळचा पेपर कोणी मोठ्याने वाचत नसे. आणि बाहेरून माणसं यायला लागली. मुंबईहून, दिल्लीहून, परदेशातून. कोणी पत्रकार, कोणी अभ्यासक, कोणाच्या खांद्यावर कॅमेरा. त्यांना गावांत जायचं असे आणि जीव दिलेल्या शेतकऱ्यांच्या मागे राहिलेल्या बायांशी बोलायचं असे. पण त्या बायांची वऱ्हाडी त्यांना कळत नव्हती. दोन्ही तीरांवर पाय असलेला माणूस कोण, अशी चौकशी झाली की बोट जमील सरांकडे जायचं.

सरांनी पहिल्यांदा नाही म्हटलं. मग प्राचार्यांनी गळ घातली, की आपल्या भागाचं दुःख जगाला कळलं पाहिजे. ते सरांना पटलं. माझ्याकडे येऊन म्हणाले, "मॅडम, तुमी चालता का संगं? दुखवट्याचं घर, त्यात एकटी बाई. म्या परका मानूस कसा जाऊन बसू?" म्हणून रविवारी मी जाऊ लागले. मी चटईवर त्या बाईजवळ बसायची, सर जरा दूर उंबऱ्यापाशी बसायचे आणि पाहुणे खुर्चीवर.

पहिल्याच खेपेला माझ्या लक्षात आलं, की हा माणूस दुभाषाचं काम अजिबात नीट करत नाही. पाहुण्याने विचारलं, की नवरा गेल्याचं कळलं तेव्हा तुला काय वाटलं? सरांनी तिच्याकडे वळून विचारलं, "बाई, पोट्टे शाळेत जातेत ना? कोन्त्या वर्गात हायेत?" ती पोरांबद्दल बोलली. सरांनी ते ऐकून घेतलं आणि पाहुण्याला गंभीर इंग्रजीत सांगितलं, की त्या म्हणतात, हे शब्दांत सांगता येणार नाही. पाहुण्याने मान हलवली आणि लिहून घेतलं. माझं इंग्रजी बेताचं असलं तरी एवढं कळण्याइतकं होतं. परतीच्या वाटेवर मी त्यांना फैलावर घेतलं.

"त्यानं इचारलं ते इचाराले माह्यी जीभ रेटत नाई," ते म्हणाले. "अन् तो जे लिहून राह्यला ते काई खोटं नोहे. खरंच सांगता येत नाई."

मनातून मला ते आवडलंच होतं. असं बरेच रविवार चाललं. सर दोन भाषांच्या मध्ये बसून दोघांनाही थोडं थोडं फसवायचे आणि त्या बाया सुटायच्या.

दर्यापूरच्या पुढे, फाट्यावरून आत एक गाव आहे. तिथे सिंधूबाईंच्या घरी आम्ही गेलो तेव्हा आमच्याबरोबर एक परदेशी पत्रकार होती. तरुण, सालस मुलगी. उन्हाने लाल झालेली, पायातले बूट दारात काढून आत आलेली. तिने कुठलाही वाईट प्रश्न विचारला नाही. सिंधूबाई मात्र आपणहूनच बोलू लागल्या. बहुतेक त्यांना तोवर ऐकणारं कोणी भेटलं नसावं.

"सकाळीच औत जुंपलं त्यायनं," त्या म्हणाल्या. "बैल वावराच्या धुऱ्यापाशी उभे केले अन् 'आलोच' म्हनून गेले. मी भाकर घेऊन गेलो त बैल तसेच उभे. मानंवर जू. नांगराचं एक तास बी काढेल नाई. मले वाटलं, येतीन. बसून राह्यलो. दोपार झाली, बैलायच्या तोंडाले फेस आला. मंग म्याच नाडा सोडला."

मी सरांकडे पाहिलं. ते उंबऱ्यावर ताठ झाले होते. "काय म्हणतात त्या?" असं त्या मुलीने विचारलं. आणि इतके रविवार सगळं अडवून धरणाऱ्या त्या माणसाने या वेळी शब्द न् शब्द इंग्रजीत सांगितला. तेवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण ते पुढे म्हणाले, की याला तुमच्या भाषेत एक विशेषण आहे. मग त्यांनी तो शब्द सांगितला, लॅटिन सांगितलं, नाडा सांगितला. ते शिकवू लागले होते. त्यांचा चेहरा उजळला होता. वर्गात उजळायचा अगदी तसाच. समोर ती बाई बसली आहे हे तेवढ्या वेळापुरतं ते विसरले.

"बाई, तो नाडा हाय का घरात?" त्यांनी विचारलं. "जरा आना बरं."

सिंधूबाई उठल्या. गोठ्यात गेल्या, खुंटीवरचा नाडा घेऊन आल्या आणि सरांच्या हातात दिला. सरांनी तो त्या मुलीला दाखवला, कसा बांधतात ते दाखवलं. तिच्या डोळ्यांतून घळघळ पाणी वाहत होतं. सिंधूबाई मात्र भिंतीला टेकून सरांच्या हातांकडे बघत होत्या.

त्या मुलीचा लेख तिकडच्या पेपरात छापून आला. सुरुवातच त्या उभ्या बैलांपासून होती. लेखात तो शब्द होता, त्याचं मूळ होतं, धुऱ्यापाशी, म्हणजे शेताच्या बांधापाशी, बसलेली बाई होती, गावाचं नाव होतं आणि 'एका स्थानिक प्राध्यापकाने' सांगितल्याचा उल्लेख होता. लेख खरंच चांगला होता, त्याबद्दल मी कोणाला बोल लावणार नाही. तो जगभर वाचला गेला. आमच्या कॉलेजात सरांना शाल-श्रीफळ दिलं. सर शाल पांघरून लाजत उभे होते आणि मी टाळ्या वाजवत होते.

पुढचं आम्हाला कळायला दिवाळी उजाडली. त्या गावातली एक पोर सरांच्या वर्गात होती. ती तास संपल्यावर थांबली आणि म्हणाली, "सर, सिंधूकाकूच्या घरी रोज गाड्या येतेत. त्या बैलाची गोष्ट सांगा म्हनतेत. काकू आता वावरातच बसून राह्यते, घरी येतच नाई."

त्याच रविवारी आम्ही गेलो. फाट्यापासूनच चाकांच्या ताज्या खुणा होत्या. घराला कुलूप होतं. शेताकडे गेलो, तर धुऱ्यावर एक पांढरी गाडी उभी. दोन-तीन माणसं, कॅमेरा. शेतात औत जुंपलेलं होतं. पेरणी नाही, नांगरणी नाही, पीक उभं आणि कडेच्या पडीक पट्टीत बैल जुंपलेले! त्यांच्या बाजूला सिंधूबाई उभ्या. एक माणूस हिंदीत सांगत होता, की एकदा परत, बस एकदा, बैलांकडे बघायचं, मग हळूच नाडा सोडायचा.

मी जमील सरांना कधी ओरडताना ऐकलं नव्हतं. त्या दिवशी ते ओरडले. चारही भाषांतून एकदम. दुपट्टा खांद्यावरून गळून पडला तरी त्यांना कळलं नाही. तो कॅमेरावाला घाबरला नाही, उलट त्याच्या तोंडावर हसू आलं. "अरे, आप ही वो प्रोफेसर हैं ना? आपका वो वर्ड पढ़कर ही तो हम आए हैं," असं म्हणून त्याने हात पुढे केला.

सरांनी तो हात धरला नाही. त्यांनी स्वतः जाऊन बैलांच्या माना मोकळ्या केल्या. गाडी गेली. सिंधूबाई धुऱ्यावर बसल्या, मीही त्यांच्याजवळ बसले. सर जरा अंतरावर उभे राहून म्हणाले, "बाई, माह्यी चूक झाली. मले माफ करा."

सिंधूबाईंनी वर पाहिलं. आवाज अजिबात चढवला नाही.

"सर, तुमाले मी मोठा मानूस समजून सांगतलं," त्या म्हणाल्या. "घरचं मानूस समजून. तुमी माह्या दुखाचा रस्ता साऱ्या दुनियेले दाखवला. आता जो येते तो मले त्याच धुऱ्यावर आनून उभी करते. मी कवा घरी जाऊ?"

परत येताना सर एसटीत खिडकीकडे तोंड करून बसले होते. अमरावती आल्यावर मी म्हटलं, "सर, उतरायचं." तेव्हा ते म्हणाले, "तिनं नाडा आनून देल्ला, मॅडम. म्या आन म्हनलं अन् तिनं आनला." एवढंच.

त्यांनी दुभाषाचं काम त्या दिवसापासून सोडलं. पण गाड्या थांबल्या नव्हत्या. तेव्हा या माणसाने काय करावं? रविवार आला की ते पहिली एसटी धरून त्या फाट्यावर जायचे. तिथे एक चहाची टपरी होती, तिच्या बाकावर पेपर घेऊन बसायचे. बाहेरची गाडी आली आणि काच खाली करून कोणी गाव विचारलं, की हे उठून जायचे आणि अत्यंत शुद्ध इंग्रजीत खोटा रस्ता सांगायचे. ती बाई माहेरी गेली, तिचं गाव हे नव्हेच, पुलावर पाणी आहे, जी थाप सुचेल ती. आयुष्यभर पोरांची वाक्यं दुरुस्त करणारा माणूस टपरीवर बसून थापा मारत होता. मी एकदा मुद्दाम बघायला गेले. उन्हात त्यांनी दोन गाड्या सेमाडोहच्या जंगलाच्या दिशेने काढून दिल्या आणि परत येऊन चहा बशीत ओतला.

"जंगलात जाऊन वाघ पाह्यतीन," ते म्हणाले. "तो काई रडत नाई."

मला हसू आलं आणि लगेच वाईटही वाटलं. मी म्हटलं, "सर, किती दिवस असं बसणार? सगळ्या गाड्या तुम्हाला अडवता येणार आहेत का?"

"नाई येनार," ते म्हणाले. "पन पिकात जनावर म्याच सोडलं, मॅडम. राखन दुसरा कोन करीन?"

रविवारी अडवलेल्या गाड्या सोमवारी जात असणार, हे त्यांनाही कळत होतं. उन्हाळ्याच्या तोंडावर सिंधूबाईंनी बैल विकले, शेत दिराला करायला दिलं आणि पोरांना घेऊन अकोल्याला भावाकडे गेल्या. तिथे मुलींच्या वसतिगृहात स्वयंपाकाचं काम धरलं. त्यांच्या गावातली ती पोर हे सगळं सरांना सांगू लागली, तेव्हा त्यांनी हात वर करून तिला थांबवलं. "अकोल्यात कुठी ते मले सांगू नको, बेटा," ते म्हणाले. "कोनालेच सांगू नको. मले बी नाई."

ज्याने जन्मभर प्रत्येकाला गाव विचारलं, त्या माणसाच्या तोंडून मी हे ऐकलं.

त्यानंतरचे जमील सर मला बघवत नसत. वर्गात अवघड शब्द आला, की अर्थ सांगून पुढे जायचे. 'इन्कोएट' आला तेव्हा मी व्हरांड्यात होते, मुद्दाम थांबले. "नुकतं सुरू झालेलं, अपुरं. लिहून घ्या. पुढचा शब्द," एवढंच म्हणाले. पोरांनी मुकाट्याने लिहून घेतलं. त्यांना काय ठाऊक, आपलं काय गेलं ते! स्टाफरूममध्ये शांतता झाली. इतकी वर्षं ज्या बडबडीचा मी वैताग केला, तिच्यासाठी आता मीच शब्दकोशातून शब्द काढून त्यांच्यापुढे टाकायची. "सर, हा कुठला हो?" म्हणून विचारायची. ते चष्म्यावरून बघत आणि म्हणत, "असन कुठला बी. अर्थ लागला ना? मंग झालं." एकदा मी चिडून म्हटलं, की एका चुकीपायी माणूस स्वतःला असं मारून टाकतो का?

"नुसती चूक नाई झाली, मॅडम," ते म्हणाले. "मले तवा लय आनंद झालता. ती बाई समोर बसून होती, अन् मले आनंद झालता. तो कसा इसरू?"



निवृत्त झाल्यावर सर आणि त्यांच्या पत्नी रझिया भाभी अकोल्याला गेले. त्यांची मुलगी तिथे दिलेली होती, तिच्या घराजवळच दोन खोल्या घेतल्या. माझंही माहेर अकोल्याचं, त्यामुळे सुट्टीत जाणं-येणं राहिलं. अकोल्यात एवढी वर्षं काढून ते बाजाराच्या गर्दीत कधी गेले नाहीत. भाभी कुरकुरत, की भाजी आणायला पण मीच. मला कारण माहीत होतं. समोरून ती बाई आली तर तिने कुठे बघावं, याची त्यांना धास्ती होती.

जमील सर हिवाळ्यात गेले. सकाळी छातीत दुखलं आणि दवाखान्यात पोचेपर्यंत संपलं. मला फोन आला तेव्हा दफन होऊन गेलं होतं. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या घरी पोचले. आतल्या खोलीत सतरंजीवर बाया बसल्या होत्या आणि मध्ये पांढऱ्या ओढणीत रझिया भाभी. रीतीप्रमाणे एकेक जण पुरसा द्यायला, म्हणजे आपल्याकडे सांत्वनाला येतात तसं येत होतं. जी येई ती भाभींचा हात धरून विचारी, कसं झालं? जवळ कोण होतं? शेवटचं काय बोलले? आणि भाभी पहिल्यापासून सांगत. "सुबह चाय लिए, फिर बोले घबराहट हो रही..." पाण्याचा पेला कुठे ठेवला होता तिथपर्यंत सगळं. सांगून होतं न होतं तोच दार वाजे, नवी बाई येई आणि परत "सुबह चाय लिए". त्यांचे डोळे कोरडे ठणठणीत होते. आवाज धडा म्हटल्यासारखा झाला होता. मला ते ऐकवेना, पण थांबवायचं कसं तेही कळेना. शिकलेली माणसं अशा वेळी काही कामाची नसतात.

दुपारी दारात सिंधूबाई दिसल्या. केस पांढरे झाले होते, पण मी लगेच ओळखलं. "पेपरात फोटू पाह्यला सराचा," माझ्या कानाशी येऊन म्हणाल्या आणि दाराजवळच बसल्या. भाभींना त्या कोण हे माहीत नव्हतं, माझ्याशिवाय कोणालाच नव्हतं. त्यांनी भाभींचं सांगणं एकदा ऐकलं. मग दोन बाया आल्या आणि सिंधूबाईंनी तेच परत ऐकलं. तिसऱ्या खेपेला एक लांबची नातेवाईक आत आली, भाभींसमोर टेकली आणि म्हणाली, "कैसे हुआ ग, बाजी?" भाभींनी तोंड उघडलं.

तेवढ्यात सिंधूबाई उठल्या. सरळ येऊन त्या बाईच्या आणि भाभींच्या मधोमध बसल्या, भाभींकडे पाठ करून.

"मी सांगतो," त्या म्हणाल्या. "सकाळी छातीत दुखलं, दवाखान्यात गेले, काई तरास झाला नाई. शांत गेले. तुमी तिकडं बसा, चाय येऊन राह्यली."

त्या वेळी त्या तिथे नव्हत्या. त्यांना त्यातलं काहीही ठाऊक नव्हतं, आणि त्रास झालाच नाही असंही नव्हतं. पण ती नातेवाईक मान हलवून बाजूला सरकली. मग दुसरी आली, तिलाही सिंधूबाईंनी तेच सांगितलं, तेवढंच. तिसरीलाही. संध्याकाळपर्यंत त्या तिथून हलल्या नाहीत. भाभींना तोंड उघडावं लागलं नाही.

मला त्यांना एक गोष्ट विचारायची होती: सरांना माफ केलं का? ओठांवर आली होती, पण त्यांच्या पाठीकडे बघून मी ती गिळली.

दिवे लागायच्या सुमाराला रझिया भाभींचं डोकं त्या अनोळखी बाईच्या पाठीवर टेकलं आणि त्या रडल्या. आधी हुंदका, मग घर भरून जाईल असं रडणं. बाया धावल्या. "क्या हुआ बाजी, क्या याद आया?" म्हणून एकीने विचारलंच.

सिंधूबाई मागे वळल्या नाहीत. फक्त हात आडवा केला.

"रडू द्या त्यायले," त्या म्हणाल्या. "कोनी काई इचारू नका."